शुक्रवारची ऑर्डर आणि टिपणीतला ‘कार्योत्तर’ शब्द : एका मुदतपूर्व बदलीचं प्रकरण

आस्थापना शाखेत माझी बरीच वर्षं गेली, बदल्यांच्या फायली हातानं केल्या आणि रिटायर झाल्यावर संघटनेतल्या लोकांची कागदपत्रं बघून द्यायचं काम अंगावर आलं. त्यातलं हे एक प्रकरण आहे. ताईंची परवानगी घेऊन लिहितोय. ओळख पटू नये म्हणून गाव आणि किरकोळ तपशील बदललेत, पण कागदांचा क्रम जसा होता तसाच ठेवलाय, कारण सगळा खेळ त्या क्रमाचाच होता.

पार्श्वभूमी

ताई आरोग्य विभागात औषध निर्माण अधिकारी, म्हणजे आपण ज्याला फार्मासिस्ट म्हणतो ते पद, गट क. लातूर-धाराशिव पट्ट्यातल्या एका ग्रामीण रुग्णालयात त्यांना एक वर्ष दहा महिने झाले होते. मिस्टर जिल्हा परिषदेच्या शाळेवर शिक्षक, मुलगा दहावीला, सासूबाईंना अर्धांगवायू झालेला. घर, शाळा, दवाखाना सगळं पंधरा किलोमीटरच्या आत. आपल्याकडं नोकरदार माणसाला याहून जास्त काही लागत नाही.

बदलीच्या दोनेक आठवडे आधी एका शिबिरासाठी औषधं द्या असा तोंडी निरोप आला. ताई म्हणाल्या की इंडेंट, म्हणजे लेखी मागणीपत्र द्या, लगेच काढून देते. औषधाचा साठा ई-औषधी या ऑनलाइन प्रणालीवर असतो, नोंदवहीतही असतो, दोन्हीकडं आकडा जुळला नाही तर ऑडिटला उत्तर फार्मासिस्टलाच द्यावं लागतं, निरोप देणारा तिथं नसतो. इंडेंट काही आला नाही. ताईंनी वैद्यकीय अधीक्षकांना तसं दोन ओळींत लेखी कळवलं. त्या कागदाची पोच घेतली नाही, झेरॉक्सही ठेवली नाही, हे पुढं नडलं.

त्यानंतर ‘फार्मासिस्ट मॅडम पेशंटशी नीट बोलत नाहीत, औषध असून नाही म्हणतात’ असं एक तक्रारीचं पत्र एका लोकप्रतिनिधींच्या लेटरहेडवर वर गेलं. ते खरं होतं का खोटं हे मला माहीत नाही, मी तिथं नव्हतो. पण ताईंना ना नोटीस आली, ना खुलासा मागितला, ना कुणी चौकशीला आलं.

काय घडलं

ऑगस्टमधला शुक्रवार, संध्याकाळी पावणेसहा वाजले होते. वरिष्ठ लिपिक ऑर्डर घेऊन आले. ‘मॅडम, बदलीची ऑर्डर आलीय, आत्ताच कार्यमुक्त करा म्हणून वरून फोन आहे.’ ‘प्रशासकीय कारणास्तव’ एवढंच कारण आणि ठिकाण नांदेड जिल्ह्यातल्या किनवटकडचं एक ग्रामीण रुग्णालय. घरापासून तीनशे किलोमीटरच्या पुढं. त्याच आदेशात खाली दुसरं नाव होतं, ताईंच्या जागी विनंतीवरून येणाऱ्या मॅडमचं.

तिथं उभे असलेले सगळे सांगू लागले की ताई घेऊच नका, सही करू नका, सोमवारपासून मेडिकल, म्हणजे आजारपणाची रजा टाका, बघू नंतर. आपल्याकडं हा सल्ला फुकट मिळतो आणि लई महाग पडतो.

ताईंनी ऑर्डर घेतली. सही केली आणि सहीशेजारी स्वतःच्या हातानं ‘सायं. ५.५० वा. प्राप्त’ असं लिहिलं. कुणी शिकवलं नव्हतं, औषधाच्या नोंदी करायची सवय म्हणून हात तसा चालला. मग म्हणाल्या की कार्यमुक्त करताय तर करा, पण स्टोअरचा चार्ज मोजून देणार, किल्ली अशी कुणाच्या हातात ठेवणार नाही. म्हणून कागदावर त्या शुक्रवारीच मध्यान्हनंतर एकतर्फी कार्यमुक्त झाल्या आणि प्रत्यक्षात सोमवार-मंगळवार दोन दिवस गोळ्यांच्या पट्ट्या, सलाईनच्या बाटल्या, फ्रीजमधल्या लसी मोजत बसल्या. मंगळवारी दुपारी तीनला चार्ज लिस्टवर दोघींच्या सह्या झाल्या. त्या चार्ज लिस्टवरची तारीख लक्षात ठेवा.

अडचण नेमकी कुठं होती

बुधवारी संध्याकाळी ताई आणि सर, म्हणजे त्यांचे मिस्टर, माझ्याकडं आले तेव्हा पहिला अर्धा तास सासूबाई, मुलाची दहावी, किनवटचा प्रवास हेच बोलणं चाललं होतं. ताईंच्या डोळ्यांत पाणी होतं. मी ऐकून घेतलं, कारण ते दुःख खरं होतं. पण नंतर मला सांगावं लागलं की ताई, हे सगळं विनंती अर्जात लिहा, न्यायाधिकरणात, म्हणजे सरकारी नोकरांच्या नोकरीतल्या तंट्यांच्या कोर्टात, यानं बदली रद्द होत नाही. बदली ही नोकरीची अट आहे, एकाच जागी राहायचा हक्क कुणालाच नाही. सुप्रीम कोर्टानं शिल्पी बोस प्रकरणात सांगितलंय की कायद्यानं बंधनकारक असलेला नियम मोडला असेल किंवा आकस असेल तरच कोर्टानं बदलीत हात घालावा. नवरा-बायको जवळ ठेवायचं धोरण आहे, पण १९९३ च्या एस. एल. अब्बास प्रकरणात तेच धोरण पुढं केलं होतं आणि कोर्ट म्हणालं की हे मार्गदर्शक आहे, त्याला कायद्याचं बळ नाही.

पण महाराष्ट्रात आपल्या हातात एक गोष्ट आहे जी बऱ्याच ठिकाणी नाही, आपल्याकडं बदल्यांचा कायदाच आहे. २००५ चा बदल्यांचे विनियमन आणि विलंबास प्रतिबंध अधिनियम, १ जुलै २००६ पासून लागू. त्यातलं कलम ३ सांगतं की गट अ, ब, क साठी एका पदावर नेहमीचा कालावधी तीन वर्षं. कलम ४ नुसार तो पुरा झाल्याशिवाय सहसा बदली नाही, आणि बदल्या वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मेमध्ये. मध्येच करायची असेल तर ४(४) खाली अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारण लेखी नोंदवून वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वपरवानगी घ्यायची. मुदतीआधी करायची असेल तर ४(५) खाली कारणं लेखी आणि कलम ६ च्या तक्त्यातल्या लगतच्या वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता. ताईंची बदली ऑगस्टमध्ये, म्हणजे मध्यावधी, आणि एक वर्ष दहा महिन्यांत, म्हणजे मुदतपूर्व. दोन्ही कुलपं लागू होती आणि दोन्ही किल्ल्या प्रशासनाला दाखवाव्या लागणार होत्या.

म्हणून खरा प्रश्न असा होता की फायलीत काय आहे. आणि फाईल आपल्याला दिसत नाही.

समोरचे पर्याय

मेडिकल टाकून बसणं हा पहिला, आणि तो मी सरळ बाद केला. १९८९ च्या गुजरात वीज मंडळ विरुद्ध आत्माराम पोशाणी प्रकरणात सुप्रीम कोर्टानं स्पष्ट सांगितलंय की निवेदन दिलंय एवढ्यावर बदलीच्या जागी जायचं टाळता येत नाही, आदेशाला स्थगिती किंवा बदल मिळाला नाही तर जावंच लागतं. त्याच तालुक्यातल्या दुसऱ्या खात्यातल्या एका भाऊसाहेबांनी मेडिकल टाकलं होतं. मेडिकल बोर्डाकडं पाठवलं, बोर्डानं फिट दिलं, मधले चार महिने ना रजा ना ड्युटी, पगार अडकला आणि सेवापुस्तकात तो काळ तसाच लोंबकळत राहिला.

दुसरा पर्याय म्हणजे वशिला. हा ताईंच्या मिस्टरांनी आधीच करून बघितला होता. शनिवार, रविवार, सोमवार तीन दिवस ते या साहेबांकडून त्या भाऊंकडं फिरले, सगळीकडं चहा मिळाला, ‘बोलतो मी’ असं मिळालं, कागद एकही मिळाला नाही. शिवाय १९७९ च्या वर्तणूक नियमांत बाहेरचा दबाव आणायला मनाई आहे. उद्या आपण न्यायाधिकरणात म्हणणार की लोकप्रतिनिधींच्या पत्रावरून बदली झाली, आणि आपलंही तसलंच एक पत्र फायलीला लागलेलं, मग तोंड कुठं लपवायचं?

तिसरा पर्याय, मॅट. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, मुंबई, नागपूर आणि आपलं छत्रपती संभाजीनगर. ताई राज्य शासनाच्या कर्मचारी म्हणून त्यांना मॅट. बऱ्याच जणांचा इथंच घोळ होतो म्हणून सांगतो. मिस्टरांची, म्हणजे जिल्हा परिषद शिक्षकाची बदली असती तर मॅट नाही, हायकोर्टाचं खंडपीठ. एसटीचा कंडक्टर असता तर १९७१ च्या कामगार कायद्याखाली औद्योगिक न्यायालय, तिथं धोरणाच्या नावाखाली आकसानं केलेली बदली ही अनुचित कामगार प्रथा धरली जाते. चुकीच्या दारात गेलं की महिना जातो, आणि बदलीच्या केसमध्ये महिना म्हणजे सगळंच.

चौथा पर्याय खरं तर तिसऱ्याच्या आतला होता, मॅटमध्ये जायचं पण काय म्हणून? आकस म्हणून की कायदा मोडला म्हणून? ताईंना शिबिराची गोष्ट लिहायची होती, अधीक्षकांचं नाव घालायचं होतं. राग साहजिक होता. वकील साहेबांनी विचारलं, ‘मॅडम, तुम्ही दिलेल्या पत्राची पोच आहे का?’ पोच नव्हती. आकसाचा आरोप केला की त्या माणसाला नावानं प्रतिवादी करावं लागतं आणि सिद्ध करायचा बोजा आपल्यावर येतो, नुसता संशय चालत नाही. इथं बराच वेळ गेला. शेवटी असं ठरलं की शिबिराचा प्रसंग घटना म्हणून एका परिच्छेदात ठेवायचा, मुख्य भर कलम ४ वर, आणि जोडीला २००९ चं सोमेश तिवारी प्रकरण, ज्यात तक्रारीवरून शिक्षेऐवजी केलेली बदली सुप्रीम कोर्टानं टिकू दिली नव्हती. मला आजही वाटतं हा निर्णय बरोबर होता, जरी ताईंच्या मनाला तो लागला.

काय केलं

बुधवारी रात्रीच निवेदन लिहिलं, ईमेल केलं आणि गुरुवारी सकाळी प्रत्यक्ष देऊन पोच घेतली. गुरुवारी दुपारी संभाजीनगरला प्रतिज्ञापत्र, शुक्रवारी मूळ अर्ज दाखल. अंतरिम आदेश सहसा समोरच्याला प्रत देऊन, ऐकून घेऊनच होतो, म्हणून पीओ साहेबांना, म्हणजे मॅटमधल्या सरकारी बाजूच्या वकिलांना, आधीच प्रत दिली. सोमवारचं सर्क्युलेशन, म्हणजे तातडीच्या सुनावणीची तारीख, मिळालं.

रुजू व्हायचं का थांबायचं, हा सगळ्यात अवघड निर्णय होता. रुजू झालं तर बदली मान्य केली असं होईल ही ताईंना भीती. मी म्हणलं की कागदावर लिहून रुजू व्हा. सोमवारी सकाळी ताई किनवटकडच्या दवाखान्यात पोचल्या आणि रुजू अहवालात लिहिलं, ‘बदली आदेशाविरुद्ध माझा मूळ अर्ज मा. न्यायाधिकरणात प्रलंबित असून त्यातील माझे हक्क अबाधित ठेवून रुजू होत आहे.’ तिथल्या लिपिकानं दोनदा वाचलं आणि शिक्का मारला. ही एक ओळ आणि तो शिक्का, यामुळं ताईंचा एकाही महिन्याचा पगार थांबला नाही.

त्याच दुपारी संभाजीनगरला सुनावणी झाली आणि स्थगिती मिळाली नाही. पीओ म्हणाले अर्जदार कार्यमुक्त झाल्यात, बदली कर्मचारी रुजू झाल्यात, जागा भरलेली आहे. न्यायाधिकरणानं नोटीस काढली, दोन आठवड्यांची तारीख दिली आणि मूळ नस्ती, म्हणजे मूळ फाईल, हजर करा असा आदेश केला. ताईंना फोनवर ‘स्टे नाही मिळाला’ एवढंच ऐकू आलं. त्या दिवशी त्या केस मागंच घ्यायला निघाल्या होत्या. त्यांना समजावायला तास गेला की स्टेपेक्षा फायलीचा आदेश मोठा आहे.

मग एक तारीख आमच्याच चुकीनं वाया गेली. ताईंच्या जागी आलेल्या मॅडमना प्रतिवादी केलं नव्हतं. बदली रद्द झाली तर त्यांना हलावं लागणार, त्यांना न ऐकता आदेश होणार कसा? दुरुस्ती केली, नोटीस गेली, तीन आठवडे गेले.

ऑक्टोबरात शासनाचं शपथपत्र आलं. त्यात एकदम तीन तक्रारी निघाल्या. वकिलांनी तारखा बघितल्या तर त्यातल्या दोन बदलीच्या नंतरच्या! आदेशात किंवा फायलीत नसलेली कारणं नंतर शपथपत्रातून भरता येत नाहीत, हे १९७८ च्या मोहिंदर सिंग गिल प्रकरणापासून चालत आलेलं तत्त्व आहे.

आणि मग नस्ती आली. टिपणीत लिहिलं होतं, ‘मा. लोकप्रतिनिधी यांच्या पत्रास अनुसरून बदली प्रस्तावित.’ तक्रार तपासली का, काय आढळलं, बदलीच का करायची, काहीच नाही. लोकप्रतिनिधीचं पत्र असलं म्हणून बदली आपोआप रद्द होत नाही, त्यांना तक्रार पुढं पाठवायचा अधिकारच आहे, २००७ च्या मसूद अहमद प्रकरणात कोर्टानं तेच म्हणलंय. पण पत्र आल्यावर अधिकाऱ्यानं स्वतःचं डोकं लावायला पाहिजे आणि ते लावलेलं कागदावर दिसायला पाहिजे.

नागरी सेवा मंडळाचं, म्हणजे बदलीची शिफारस करणाऱ्या समितीचं, इतिवृत्त होतं. २०१३ च्या टी. एस. आर. सुब्रमणियन निकालानंतर आपल्या राज्यानं २०१४ मध्ये ही मंडळं नेमली. तीन सदस्य, बैठक झालेली नाही, कागद फिरवून सह्या घेतलेल्या. पहिली सही शुक्रवारची, दुसरी सोमवारची, तिसरी गुरुवारची. म्हणजे ताई स्टोअरमध्ये गोळ्या मोजत होत्या तेव्हा मंडळाची शिफारस पुरी झालेलीच नव्हती. आणि वरच्या मान्यतेच्या पानावर शब्द होता, ‘कार्योत्तर मान्यता देण्यात येते.’ म्हणजे काम होऊन गेल्यावर मागून दिलेली मान्यता.

कायदा म्हणतो पूर्वमान्यता. मी स्वतः आस्थापनेत असताना किती टिपण्यांत कार्योत्तर हा शब्द लिहिला असेल, मोजदाद नाही. खरेदीच्या बिलात तो चालून जातो. इथं त्या एका शब्दावर एका बाईचं घर तीनशे किलोमीटर लांब गेलेलं होतं.

निकाल

डिसेंबरच्या शेवटी न्यायाधिकरणानं बदली आदेश ताईंपुरता रद्द केला आणि दोन आठवड्यांत मूळ जागी पदस्थापना द्यायला सांगितली. कारणं नोंदवलेली नाहीत, पूर्वमान्यता नाही, कलम ४ चा भंग, एवढंच. आकसाबद्दल न्यायाधिकरण काही बोललं नाही आणि बोलायची गरजही पडली नाही.

दोन आठवडे गेले, काही हललं नाही. खात्यानं हायकोर्टात जायचं का म्हणून अभिप्राय मागवला होता, १९९७ च्या चंद्रकुमार निकालापासून मॅटच्या आदेशाविरुद्ध हायकोर्टाच्या द्विसदस्यीय पीठापुढं जावं लागतं. वकिलांनी अवमानाची नोटीस पाठवली तेव्हा जानेवारीच्या शेवटच्या आठवड्यात ऑर्डर निघाली. ताई परत आल्या. मधल्या पाच महिन्यांत त्या दर शनिवारी निघून रविवारी पोचायच्या आणि परत. तारखेला किनवटहून नंदिग्राम एक्स्प्रेसनं थेट संभाजीनगर. मुलाच्या दहावीचं अर्धं वर्ष सरांनी एकट्यानं काढलं. हे कुठल्याही आदेशात भरून मिळत नाही.

या निकालानं ताईंना कायमचं संरक्षण मिळालं असं नाही. रीतसर कारणं नोंदवून, आधी मान्यता घेऊन खात्याला उद्या परत बदली करता आली असती. केली नाही एवढंच. दीड वर्षानं ताईंनी स्वतः विनंती बदली घेतली आणि सासरच्या गावाजवळ गेल्या.

वेगळं काय करता आलं असतं

सगळ्यात मोठी चूक त्या तीन दिवसांची. सोमवारी अर्ज दाखल झाला असता आणि मंगळवारी सकाळी सुनावणी मिळाली असती तर जागा तेव्हा भरलेली नव्हती, चार्ज ताईंकडंच होता, चार्ज लिस्टवर मंगळवार दुपारी तीन असं लिहिलेलं आहे. जैसे थे मिळायची चांगली शक्यता होती. ते दिवस वशिल्याच्या चहात गेले. सर माझ्याकडं शुक्रवारी रात्री आले असते तर, असं मला अजून वाटतं.

दुसरं म्हणजे अंतरिम मागणीत फक्त स्थगिती मागितली. जवळच्या रिक्त जागेवर तात्पुरतं सामावून घ्यावं ही पर्यायी मागणी टाकायला पाहिजे होती. शेजारच्या तालुक्यात एक पद रिकामं होतं, आम्हाला नंतर कळलं. मिळालंच असतं असं नाही, पण मागितलंच नाही.

शिबिराच्या पत्राची पोच असती तर अर्ज वेगळा लिहिता आला असता. आता ताई साधा कागदसुद्धा आवक क्रमांक टाकून घेतल्याशिवाय टेबलावरून उठत नाहीत.

आणि प्रशासनाच्या बाजूनं बघितलं तर, मी त्याच खुर्चीवर बसलेला माणूस आहे म्हणून सांगतो, हे आठ दिवसांचं काम होतं. तक्रार आली, खुलासा मागवायचा, एक अधिकारी पाठवून जबाब घ्यायचे. तथ्य निघालं तर ते टिपणीत लिहायचं, मंडळाची बैठक लावायची, आधी मान्यता, मग आदेश. तशी बदली मॅटमध्ये बहुतेक टिकली असती. वरून फोन आला की लिपिकाचा हात थरथरतो हे मला माहीत आहे, मीही थरथरलोय. पण टिपणीत ‘पूर्वमान्यता आवश्यक’ एवढे दोन शब्द लिहायला कुणी अडवत नाही, आणि ते लिहिलेले असले तर पुढची जबाबदारी सही करणाऱ्याची.

राहिल्या त्या दुसऱ्या मॅडम, ज्यांचं नाव आदेशात खाली होतं. त्यांनी रीतसर विनंती अर्ज केला होता, त्यांचंही लहान लेकरू, गावातल्या अंगणवाडीत घातलेलं, घर भाड्यानं घेतलेलं. त्यांनी न्यायाधिकरणात वकील दिला नाही, एक पानाचं म्हणणं दिलं, ‘मला आदेश मिळाला म्हणून मी रुजू झाले, माझी यात काही चूक नाही.’ खरंच नव्हती. ताई परत आल्या तेव्हा दोघींनी परत दोन दिवस बसून स्टोअर मोजलं, एकही पट्टी कमी भरली नाही. त्या मॅडमना पुढचे सात आठवडे पदस्थापनाच नव्हती, शेवटी शेजारच्या तालुक्यातल्या त्या रिकाम्या जागेवर त्यांची ऑर्डर निघाली.